फेलिसिटी केंडल: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

शशी कपूर, पृथ्वी थिएटर किंवा जुन्या ब्रिटिश मालिका यांच्यावर काहीही लिहिलं की फेलिसिटी केंडल यांच्याविषयी प्रश्न येतातच. जे पुन्हा पुन्हा येतात ते इथे एकत्र केले आहेत. आधी ओळखीचे, मग कामाविषयीचे आणि शेवटी हमखास गोंधळ उडवणारे, असा क्रम आहे. एखाद्या मुद्द्याचं उत्तर दुसरीकडे असेल तिथे त्या प्रश्नाचा क्रमांक दिला आहे.

१. फेलिसिटी केंडल नेमक्या कोण?

ब्रिटिश अभिनेत्री. जन्म २५ सप्टेंबर १९४६ रोजी, इंग्लंडमधल्या वॉरिकशायरमधल्या ऑल्टन गावी. वडील जेफ्री केंडल आणि आई लॉरा लिडेल हे दोघंही नट, आणि भारतभर शेक्सपिअरची नाटकं करत हिंडणारी 'शेक्सपिअराना' ही कंपनी त्यांची. फेलिसिटींचं बालपण या कंपनीबरोबर भारतातच गेलं. १९६५ सालच्या 'शेक्सपिअर वाला' या चित्रपटातली लिझी बकिंगहॅम ही त्यांची पहिली मोठी भूमिका. पुढे १९७५ ते १९७८ या काळात बीबीसीच्या 'द गुड लाइफ' या विनोदी मालिकेतल्या बार्बरा गुडने त्यांना ब्रिटनच्या घराघरात नेलं. १९८० आणि ९० च्या दशकांत लंडनच्या रंगभूमीवर त्यांचं नाव अगदी वरच्या फळीत होतं. २००३ ते २००६ मध्ये 'रोझमेरी अँड थाइम' या मालिकेमुळे नवा प्रेक्षक मिळाला.

आपल्याकडे त्यांची ओळख 'शशी कपूर यांची मेहुणी' इथे संपते आणि ब्रिटनमध्ये 'ती बार्बरा' इथे. दोन्ही ओळखी खऱ्या आहेत, पण दोन्हींत एक गोष्ट राहून जाते. टीव्हीवर जे इतकं सहज वाटायचं ते फिरत्या नाटक कंपनीत लहानपणापासून घोटून घेतलेलं काम होतं. या पानावरच्या बऱ्याच उत्तरांत हाच मुद्दा वेगवेगळ्या वाटांनी येईल, कारण माझ्या मते त्यांची कारकीर्द समजून घ्यायची ती याच बाजूने.

२. जेनिफर केंडल आणि फेलिसिटी केंडल एकच का? शशी कपूर यांचं लग्न कुणाशी झालं होतं?

एक नव्हेत. या दोघी सख्ख्या बहिणी. जेनिफर थोरली, १९३४ साली जन्मलेली, म्हणजे फेलिसिटींपेक्षा बारा वर्षांनी मोठी. शशी कपूर यांचं लग्न १९५८ साली जेनिफर यांच्याशी झालं. कुणाल, करण आणि संजना ही त्यांची मुलं, म्हणजे फेलिसिटी या तिघांची मावशी. १९७८ साली जुहूला पृथ्वी थिएटर उभं राहिलं ते शशी आणि जेनिफर या जोडप्यामुळे. 'जुनून' आणि अपर्णा सेन यांचा '३६ चौरंगी लेन' यांत दिसतात त्या जेनिफर. ७ सप्टेंबर १९८४ रोजी कर्करोगाने त्यांचं निधन झालं.

गोंधळ होतो याचं कारण म्हणजे 'शेक्सपिअर वाला'त दोघीही आहेत. फेलिसिटी नायिका, तर जेनिफर छोट्याशा भूमिकेत हॉटेल चालवणाऱ्या मिसेस बोवेन.

३. त्यांचा जन्म भारतात झाला का? त्या अर्ध्या भारतीय आहेत का?

जन्म इंग्लंडचा आणि आईवडील दोघंही इंग्रज. पण वयाच्या सातव्या वर्षी त्या आईवडिलांबरोबर भारतात आल्या आणि ऐन तारुण्यापर्यंत इथेच वाढल्या. शिक्षण वेगवेगळ्या गावांतल्या सहा लोरेटो कॉन्व्हेंट शाळांत झालं, कारण कंपनी जिथे जाईल तिथे शाळा बदलायची. सतराव्या वर्षी कलकत्त्यात त्यांना विषमज्वर झाला होता.

नागरिकत्वाने आणि वंशाने ब्रिटिश, पण घडण भारतातली, असं म्हटलं तर ते नेमकं होईल.

४. 'शेक्सपिअराना' म्हणजे काय? तिथे त्या काय शिकल्या?

दुसऱ्या महायुद्धाच्या काळात सैनिकांसाठी नाटकं करायला म्हणून जेफ्री आणि लॉरा भारतात आले होते. १९४७ साली ते स्वतःची मंडळी घेऊन पुन्हा आले, आणि १९५३ नंतर तर भारत हेच त्यांचं कार्यक्षेत्र झालं. शाळा, महाविद्यालयं, संस्थानिकांचे वाडे, थंड हवेच्या ठिकाणची नाट्यगृहं, जिथे रंगमंच उभा राहील तिथे प्रयोग. आज एखाद्या महाराजासमोर 'ऑथेल्लो', तर उद्या शाळेच्या सभागृहात बाकांवर दाटीवाटीने बसलेल्या पोरांसमोर 'मर्चंट ऑफ व्हेनिस'. माणसं मोजकी, त्यामुळे एकेकाने तीन-तीन भूमिका करायच्या, कपडे सांभाळायचे, सामान आगगाडीत चढवायचं. आपल्या जुन्या संगीत नाटक कंपन्यांच्या बिऱ्हाडाची वर्णनं ज्यांनी वाचली आहेत त्यांना हे चित्र अनोळखी वाटणार नाही.

या कंपनीत भारतीय नटही होते. उत्पल दत्त तरुणपणी यातच होते आणि नंतर शशी कपूरही आले.

फेलिसिटी पहिल्यांदा रंगमंचावर आल्या तेव्हा नऊ महिन्यांच्या होत्या. 'अ मिडसमर नाइट्स ड्रीम'मधल्या, परीराणीने सांभाळलेल्या त्या मुलाच्या भूमिकेत त्यांना कडेवर घेऊन आणलं होतं. पुढे हुजऱ्या पोरांच्या भूमिका, मग त्याच नाटकातला खोडकर पक, आणि मोठं झाल्यावर 'ट्वेल्फ्थ नाइट'मधली व्हायोला. आपल्याकडे बालगंधर्वांच्या काळात पुरुष स्त्रीपार्ट करायचे, इथे एक मुलगी पोरांच्या भूमिका करत मोठी होत होती. याचा पुढच्या कामाशी थेट संबंध आहे (प्रश्न ११ आणि १३ पाहा).

ध्वनिक्षेपकाशिवाय शेवटच्या रांगेपर्यंत शब्द पोचवायचा, इंग्रजी अर्धवट कळणाऱ्या प्रेक्षकालाही गोष्ट कळली पाहिजे, आणि समोरचा कंटाळला तर ते त्याच क्षणी आपल्याला उमगलं पाहिजे. कुठल्याही नाट्यशाळेत न जाता त्यांचं शिक्षण झालं ते असं.

५. 'शेक्सपिअर वाला' ही केंडल कुटुंबाचीच खरी गोष्ट आहे का?

निम्मी खरी. दिग्दर्शक जेम्स आयव्हरी, निर्माते मुंबईचे इस्माईल मर्चंट आणि पटकथा रूथ प्रवर झाबवाला यांची. जेफ्री केंडल यांच्या १९४७ सालच्या डायरीचा आधार पटकथेला होता. जेफ्री आणि लॉरा यांनी मिस्टर आणि मिसेस बकिंगहॅम साकारले, फेलिसिटी त्यांची मुलगी लिझी. संगीत सत्यजित राय यांचं आणि छायाचित्रण सुब्रत मित्रांचं. चित्रपट कृष्णधवल आहे आणि त्याचा बराचसा भाग शिमला-कसौलीच्या परिसरात घडतो.

चित्रपटातली कंपनी मात्र मोडकळीला आलेली दाखवली आहे. स्वातंत्र्यानंतर शेक्सपिअर कुणाला नको, सिनेमा सगळ्यांना हवा, असा त्याचा रोख. एक प्रसंग पाहाच. 'ऑथेल्लो'चा शेवटचा, सगळ्यात जीवघेणा प्रवेश चालू असताना मंजुळा ही सिनेतारका नाट्यगृहात उशिरा येऊन बॉक्समध्ये बसते. सगळं प्रेक्षागृह नाटकाकडे पाठ फिरवून तिच्याकडे बघू लागतं. रंगमंचावर नट बोलतोय आणि ऐकणारं कुणीच नाही.

आपल्या कंपनीचं हे उतरणीला लागलेलं चित्र जेफ्री यांना पटलं नव्हतं, आणि ते रास्तच होतं, कारण खऱ्या शेक्सपिअरानाला प्रेक्षक होता. शेवटी लिझी एकटीच बोटीने इंग्लंडला निघते. फेलिसिटीही पुढे इंग्लंडला गेल्या, त्यामुळे चित्रपट आणि आयुष्य एकच मानण्याचा मोह होतो. पण संजू या भारतीय तरुणाशी असलेलं लिझीचं प्रेमप्रकरण पूर्णपणे काल्पनिक आहे.

६. त्यात संजू म्हणजे शशी कपूर ना? मग मेहुणा-मेहुणीने प्रेमिकांचं काम केलं?

हो. चित्रीकरणाच्या वेळी शशी कपूर यांच्या लग्नाला काही वर्षं होऊन गेली होती आणि ते फेलिसिटींच्या थोरल्या बहिणीचे यजमान होते. नाटकवाल्या घरात याचं कुणाला काही वाटलं नाही. कंपनीत वडील-मुलगी, नवरा-बायको, सगळेच एकमेकांसमोर वाट्टेल त्या भूमिका करत. उलट लहानपणापासूनच्या ओळखीमुळे या दोघांच्या प्रवेशांत एक मोकळेपणा आहे. लिझीच्या चेहऱ्यावरची ती पहिल्या प्रेमाची अधीरता आजही खोटी वाटत नाही.

७. या चित्रपटासाठी बर्लिन महोत्सवाचा अभिनेत्रीचा पुरस्कार फेलिसिटी यांनाच मिळाला होता ना?

नाही. १९६५ च्या बर्लिन महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचं रौप्य अस्वल मधुर जाफरी यांना मिळालं, आणि तेही मंजुळाच्या भूमिकेसाठी. मराठीत हे इतक्या ठिकाणी चुकीचं छापलं गेलं आहे की एकदा ठळकपणे सांगायला हवं.

८. एवढ्या गाजलेल्या चित्रपटानंतर लंडनमध्ये लगेच कामं मिळाली का?

कामं मिळाली, पण हळूहळू. १९६६ साली बीबीसीच्या 'द मेफ्लाय अँड द फ्रॉग' या नाटकात त्या जॉन गिलगुड यांच्यासमोर होत्या. पदार्पणाला यापेक्षा मोठा सहकलाकार मिळणं कठीण. १९६७ मध्ये 'मायनर मर्डर'मधून लंडनच्या रंगमंचावर पदार्पण झालं. त्यानंतरची सात-आठ वर्षं टीव्हीवर एकेका भागाच्या पाहुण्या भूमिका, टॉमस हार्डींच्या 'द वुडलँडर्स'वरच्या १९७० च्या मालिकेत ग्रेस मेलबरी, 'एडवर्ड द सेव्हन्थ'मध्ये राजकन्या व्हिकी, अशी गेली.

खरं वळण आलं १९७४ मध्ये. अ‍ॅलन एकबॉर्न यांची 'द नॉर्मन कॉन्क्वेस्ट्स' ही तीन नाटकांची माळ लंडनमध्ये तुफान चालली. टॉम कोर्टनी, मायकल गॅम्बन, पेनेलपी कीथ आणि फेलिसिटी केंडल. घरातल्या आजारी आईला सांभाळता सांभाळता गबाळी झालेली अ‍ॅनी हे त्यांचं पात्र. या नाटकातलं काम पाहूनच कीथ आणि केंडल या दोघींची पुढच्याच वर्षी 'द गुड लाइफ'साठी निवड झाली.

९. 'द गुड लाइफ' ही मालिका आहे तरी काय? आणि ती एवढी का गाजली?

टॉम गुड हा गृहस्थ नाश्त्याच्या पाकिटांत घालायची प्लॅस्टिकची खेळणी रेखाटण्याची नोकरी करतो. चाळिसाव्या वाढदिवशी त्याला वाटतं की हे आयुष्य काही खरं नाही. तो नोकरी सोडतो आणि लंडनजवळच्या सरबिटन या प्रतिष्ठित उपनगरातल्या आपल्या घरातच शेती सुरू करतो. पुढच्या-मागच्या बागेत भाजीपाला, डुकरं, कोंबड्या आणि जेराल्डिन नावाची शेळी. विकतचं काही आणायचं नाही. वाइनसुद्धा घरी, वाटाण्याच्या शेंगांची. त्याची बायको बार्बरा म्हणजे फेलिसिटी केंडल. शेजारी जेरी आणि मार्गो लेडबेटर, म्हणजे पॉल एडिंग्टन आणि पेनेलपी कीथ. टॉम झाले होते रिचर्ड ब्रायर्स. लेखक जॉन एस्मंड आणि बॉब लार्बी.

४ एप्रिल १९७५ ते १० जून १९७८, एकूण ३० भाग. बाहेरची दृश्यं सरबिटनला नाही, तर लंडनच्या दुसऱ्या टोकाला नॉर्थवुडमधल्या क्यूफेरी रोडवर चित्रित झाली. शेवटच्या भागाचं चित्रीकरण राणी एलिझाबेथ आणि त्यांचे पती यांच्या उपस्थितीत झालं. मालिकेची लोकप्रियता मोजायला एवढं एकच पुरे.

गाजण्याचं कारण असं की शेजाऱ्यांचं भांडण दाखवणं सोपं असतं, इथे मैत्री दाखवली आहे. मार्गोला डुकरांचा वास सहन होत नाही, पण बार्बरा आजारी पडली तर तीच धावत येणार. १९७७ च्या नाताळच्या भागात मार्गो दुकानातून आलेलं झाड सांगितल्यापेक्षा आखूड आहे म्हणून परत पाठवते आणि हट्टापायी सगळाच माल हातचा जातो. मग लेडबेटर मंडळी गुडांच्या घरी येतात. तिथे टोप्यासुद्धा वर्तमानपत्राच्या. मार्गोच्या वाट्याला 'डेली मिरर'ची टोपी येते आणि ती म्हणते, मी 'डेली मिरर' डोक्यावर घालणार नाही. तो पेपर मजूर पक्षाकडे झुकणाऱ्या कामगारांचा आणि मार्गो कट्टर हुजूर पक्षवाली, हे ठाऊक असलं की या वाक्याला त्या काळी केवढा हशा पिकला असेल ते कळतं.

आता बार्बराविषयी. टॉमला कल्पना सुचतात, पण त्या निभावते बार्बरा. चिखलाने भरलेली पँट, विस्कटलेले केस, तो किंचित घोगरा आवाज, आणि मध्येच तिला आठवण होते की कधीकाळी आपल्यालाही चांगले कपडे असत. मालिकेच्या चौथ्या पर्वाच्या शेवटच्या भागात चोर घरात शिरून सगळं उद्ध्वस्त करून जातात. भिंती, सामान, कष्टाने उभं केलेलं सगळं. विनोदी मालिकेचा सूर इतका खाली येतो की क्षणभर वाटतं, आता हे दोघं हरले. तो सारा भार बार्बराच्या चेहऱ्यावर आहे. हसवता हसवता एकदम थांबून प्रेक्षकाला सोबत नेणं फार थोड्यांना जमतं.

१०. त्या केवळ गोड चेहऱ्यामुळे लोकप्रिय होत्या, असं वाचलं. खरं काय?

त्या काळच्या ब्रिटिश वर्तमानपत्रांनी तसं लिहिलं खरं. १९८१ साली त्यांना 'रिअर ऑफ द इयर' नावाचा थिल्लर किताबही मिळाला होता, आणि आजही काही लेखांत तो त्यांच्या नाट्यपुरस्कारांच्या आधी येतो. हा अन्याय आहे. त्याच सुमाराला त्या लंडनच्या नॅशनल थिएटरमध्ये पॉल स्कोफील्ड या ज्येष्ठ नटासमोर काम करत होत्या. १९७९ मध्ये 'अमाडेउस'च्या मूळ संचात त्या मोझार्टची बायको कॉन्स्टान्झ होत्या आणि १९८० मध्ये 'ऑथेल्लो'त डेस्डेमोना. १९८९ मध्ये 'मच अडू अबाउट नथिंग' आणि चेखॉव्हचं 'इवानोव्ह' या दोन नाटकांसाठी त्यांना ईव्हनिंग स्टँडर्डचा सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला.

११. सुरुवात कुठून करू? सगळं पाहायला वेळ नाही.

माझा क्रम असा. आधी 'शेक्सपिअर वाला'. मग 'द गुड लाइफ'चा नाताळचा भाग, तो एकटाही पाहता येतो. आवडला तर पहिल्या भागापासून. मग बीबीसीने केलेलं 'ट्वेल्फ्थ नाइट' (१९८०). यात त्या व्हायोला आहेत, म्हणजे मुलाच्या वेषात वावरणारी मुलगी. पोरांच्या भूमिका करत वाढलेल्या नटीला ही भूमिका किती अंगवळणी पडली आहे ते पाहण्यासारखं आहे, चालण्यात किंवा उभं राहण्यात कुठेही मुलगा 'करून दाखवण्याचा' आव नाही. आणि शेवटी 'द कॅमोमाइल लॉन' (१९९२), मेरी वेस्ली यांच्या कादंबरीवरची, पीटर हॉल दिग्दर्शित मालिका. त्यातल्या हेलेना मुळीच गोड नाहीत. स्वार्थी, फटकळ आणि तरीही समजून घ्यावी वाटणारी ही बाई पाहिली की बार्बराची प्रतिमा पुसून जाते. त्यात त्यांचे पती झालेत पॉल एडिंग्टन, म्हणजे 'गुड लाइफ'मधले शेजारी जेरी.

१२. 'गुड लाइफ'नंतर टीव्हीवर सगळंच यशस्वी झालं का?

नाही. 'सोलो' (१९८१-८२) आणि 'द मिस्ट्रेस' (१९८५ ते ८७) या दोन्ही कार्ला लेन यांनी लिहिलेल्या मालिका. पहिलीत नोकरी, प्रियकर सगळं सोडून एकटं राहायचं ठरवणारी जेमा, दुसरीत विवाहित पुरुषाशी संबंध असलेली मॅक्सीन. दुसरी तर अनेक प्रेक्षकांना खटकली, कारण त्यांना बार्बराच हवी होती. बार्बराच्या सावलीतून बाहेर पडायचा हा धीट प्रयत्न होता, म्हणून मला या मालिकांचं मोल वाटतं. १९९४ ची 'हनी फॉर टी', ज्यात त्या अमेरिकन बाई झाल्या होत्या, ती मात्र सपशेल पडली आणि सात भागांत आटोपली.

१३. चित्रपट-टीव्हीच्या अभिनेत्रीबद्दल बोलताना सगळे टॉम स्टॉपर्ड यांच्या नाटकांकडे का वळतात?

कारण १९८१ पासून दीड दशक स्टॉपर्ड यांच्या नव्या नाटकांतल्या मुख्य भूमिका जवळजवळ ओळीने त्यांच्याकडे आल्या. 'ऑन द रॅझल'मध्ये (१९८१) त्या चक्क क्रिस्टोफर नावाचा दुकानातला उमेदवार पोरगा होत्या. 'द रिअल थिंग'मध्ये (१९८२) अ‍ॅनी. 'जंपर्स'च्या १९८५ च्या पुनरुज्जीवनात डॉटी, तिथेही पुन्हा पॉल एडिंग्टन. मग 'हॅपगुड' (१९८८), 'आर्केडिया'तली संशोधक हॅना जार्विस (१९९३) आणि 'इंडियन इंक' (१९९५).

ही नाटकं बुद्धीला खाद्य देणारी, वाक्यं लांब, विनोद तर्काच्या आडून येणारा. ती पेलायला शब्दावर हुकमत लागते, आणि ती हुकमत प्रश्न ४ मध्ये सांगितलेल्या कंपनीत आली होती. या दोघांच्या वैयक्तिक नात्याविषयी ब्रिटिश वर्तमानपत्रांत भरपूर छापून आलं. हे पान कामापुरतं आहे, त्यामुळे ते इथे घेतलेलं नाही.

१४. 'इंडियन इंक'मधली फ्लोरा क्रू ही खरोखरची कवयित्री होती का? आणि केंडल यांनी फ्लोरा केली की मिसेस स्वान?

फ्लोरा काल्पनिक आहे आणि जुम्मापूर हे संस्थानही. १९३० साली भारतात आलेली इंग्रज कवयित्री, तिचं चित्र काढणारा निराद दास, आणि अर्धशतकानंतर त्या दोघांच्या नात्याचा माग काढणारी माणसं, अशी गोष्ट. स्टॉपर्ड स्वतः महायुद्धाच्या काळात लहानपणी दार्जिलिंगला राहिले होते, म्हणजे लेखक आणि अभिनेत्री दोघांचंही बालपण इथलं.

आता दुसरा भाग: दोन्ही केल्या. १९९१ मध्ये ही गोष्ट आधी 'इन द नेटिव्ह स्टेट' या नावाने बीबीसी रेडिओवर झाली. तेव्हा केंडल फ्लोरा होत्या आणि तिची बहीण मिसेस स्वान होत्या पेगी अ‍ॅशक्रॉफ्ट. १९९५ मध्ये लंडनच्या ऑल्डविच थिएटरात नाटक आलं, तिथेही केंडल फ्लोराच, समोर निराद दासच्या भूमिकेत आर्ट मलिक. छापील नाटक अर्पण केलं आहे ते लॉरा केंडल यांच्या, म्हणजे फेलिसिटींच्या आईच्या स्मृतीला. पुढे डिसेंबर २०२५ मध्ये हॅम्पस्टेड थिएटरने हे नाटक पुन्हा केलं तेव्हा केंडल मिसेस स्वान झाल्या. त्यामुळे जुना लेख वाचत असाल तर साल पाहून भूमिका ठरवा.

१५. 'रोझमेरी अँड थाइम' ही 'द गुड लाइफ'चीच पुढची गोष्ट आहे का? दोन्हींत बागकाम आहे.

संबंध नाही. ही आयटीव्हीची गुन्हेशोधाची मालिका, २००३ ते २००६, २२ भाग. केंडल यांची रोझमेरी बॉक्सर ही वनस्पतींच्या रोगांची तज्ज्ञ, विद्यापीठातून काढून टाकलेली, आणि पॅम फेरिस यांची लॉरा थाइम ही माजी पोलीस. दोघी बागा दुरुस्त करायला जातात आणि प्रत्येक बागेत कुणाचा तरी खून झालेला असतो. कथा हलक्याफुलक्या आहेत, फार अपेक्षा ठेवू नका, पण पन्नाशी ओलांडलेल्या दोन बायकांच्या खांद्यावर संपूर्ण मालिका उभी आहे ही गोष्ट तेव्हाही दुर्मीळ होती.

१६. त्यांचे चित्रपट इतके थोडे का?

मोजायला बसलं तर 'शेक्सपिअर वाला', केन रसेल यांचा 'व्हॅलेंटिनो' (१९७७), एका अ‍ॅनिमेशनपटातला आवाज आणि मायकल विनर यांचा 'पार्टिंग शॉट्स', एवढ्यावर यादी जवळपास संपते. ७० आणि ८० च्या दशकांत ब्रिटनमध्ये चित्रपटनिर्मिती रोडावलेली होती आणि उत्तम लेखन टीव्ही व रंगभूमीकडे होतं. त्यांच्या पिढीतल्या अनेक चांगल्या नटांचं असंच झालं. त्यातून रोज रात्री प्रयोग करण्याची ज्यांना सवय लागली आहे त्यांची ओढ रंगमंचाकडेच असणार.

१७. त्यांनी हिंदी चित्रपटात काम केलं आहे का?

नाही. ज्या भारतीय चित्रपटांची नावं घेतली जातात त्यांत जेनिफर आहेत (प्रश्न २). भारताशी पडद्यावरचं नातं टिकलं ते वेगळ्या रूपात. २००८ मध्ये 'डॉक्टर हू'च्या एका भागात त्या लेडी एडिसन झाल्या आणि त्या पात्राचं गुपित १८८५ च्या दिल्लीत दडलेलं आहे. २०१२ मध्ये बीबीसीसाठी त्यांनी भारतातल्या शेक्सपिअरचा माग काढणारा माहितीपट केला.

१८. त्यांचं आत्मचरित्र आहे का?

आहे, 'व्हाइट कार्गो', १९९८ सालचं. वडील आजारपणात अंथरुणाला खिळलेले असताना त्यांच्या उशाशी बसून त्या कंपनीतले दिवस आठवतात, अशी मांडणी. नटीच्या आत्मचरित्रात मिळणाऱ्या गप्पाटप्पा यात कमी, आणि आगगाड्या, प्रवासी बंगले, आईने शिवलेले नाटकाचे कपडे आणि वडिलांशी झालेले खटके जास्त. जेफ्री केंडल यांचं स्वतःचं आत्मचरित्र वेगळं, १९८६ सालचं. त्याचं नाव चित्रपटासारखंच असल्याने ते चित्रपटावरचं पुस्तक समजून घेऊ नका.

१९. त्यांच्या नावाआधी 'डेम' का लावत नाही?

'डेम' ही ब्रिटनमध्ये स्त्रियांना मिळणारी, पुरुषांच्या 'सर'च्या तोडीची पदवी, आणि ती त्यांना नाही. १९९५ मध्ये त्यांना सीबीई हा सन्मान मिळाला, त्याने नावाआधी काही लागत नाही. 'डेम' आहेत त्या 'गुड लाइफ'मधल्या पेनेलपी कीथ, २०१४ पासून. या मालिकेसाठीचा बाफ्टा हा ब्रिटिश चित्रपट-टीव्ही पुरस्कारही कीथ यांचाच.

२०. 'द नॉर्मन कॉन्क्वेस्ट्स'चं टीव्ही रूपांतर पाहिलं, त्यात फेलिसिटी दिसल्याच नाहीत. चुकीचा भाग पाहिला का?

बरोबरच पाहिलंत. १९७४ च्या रंगमंचावर अ‍ॅनी केंडल यांनी केली होती, पण १९७७ च्या टीव्ही रूपांतरात अ‍ॅनी आहेत पेनेलपी विल्टन. त्या संचात रिचर्ड ब्रायर्स आणि पेनेलपी कीथ दोघंही असल्यामुळे 'गुड लाइफ'ची मंडळी म्हटल्यावर केंडलही असतीलच असं गृहीत धरलं जातं. केंडल यांच्या अ‍ॅनीचं वर्णन आता वाचूनच समाधान मानायचं.

२१. इंग्रजी मालिकांची नावं शोधताना गोंधळ होतो. काय लक्षात ठेवावं?

'द गुड लाइफ' अमेरिकेत 'गुड नेबर्स' या नावाने दाखवली गेली, मालिका तीच. आडनावाच्या इंग्रजी स्पेलिंगमध्ये शेवटी एकच 'एल' आहे. दोन लिहिलेत तर भलतीच माणसं समोर येतात. आडनाव मुळात घराण्याचं नाहीच. वडिलांचं खरं आडनाव ब्रॅग. उत्तर इंग्लंडमधलं केंडल हे त्यांचं जन्मगाव, तेच त्यांनी रंगभूमीसाठी नाव म्हणून घेतलं आणि दोन्ही मुलींनी पुढे चालवलं.